अडतीचं सॉफ्टवेअर आणि डीआय : प्रत्येक टेबलाला रिपॉझिटरी करायची का?

हळकुंड

नमस्कार मंडळी. सांगली मार्केट यार्डातल्या अडत दुकानांसाठीचं एक जुनं वेब सॉफ्टवेअर माझ्या गळ्यात आलंय. हळद, गूळ, बेदाणा, तिन्हीच्या पट्ट्या (शेतकऱ्याला द्यायचा मालाचा हिशोब) त्याच्यावरच निघतात. ज्यांनी आधी केलं ते आता फोन उचलत नाहीत, असो.

कोड म्हणजे प्रत्येक पानामागं स्वतःचं कनेक्शन उघडलंय, कनेक्शन स्ट्रिंग चार ठिकाणी चार तऱ्हेने लिहिलीय, क्वेऱ्या सगळ्या स्ट्रिंगला स्ट्रिंग जोडून. सकाळी सौदे होतात तोवर सगळं ठीक असतं. दुपारी वजनं झाली की सगळी काउंटरं एकदम पट्ट्या काढायला बसतात आणि मग "पूलमधून कनेक्शन मिळालं नाही, टाइमआउट" सुरू (पूल म्हणजे परत परत वापरायला ठेवलेला कनेक्शनांचा साठा). कुणीतरी उठून आयआयएस (वेब सर्व्हर) रिस्टार्ट करतं, थोडा वेळ बरं चालतं, परत तेच. शेतकरी समोर बसलेला असतो, त्याला एसटी गाठायची असते, दिवाणजी माझ्या नावाने शंख करतात.

आता डॉटनेट ८ वर नव्याने लिहायला घेतलंय, ईएफ कोअर (डेटाबेसशी बोलायची डॉटनेटची लायब्ररी) वापरून. डिपेंडन्सी इंजेक्शनचे (डीआय, म्हणजे क्लासला लागणाऱ्या वस्तू बाहेरून पुरवणं) यूट्यूबवर जेवढे व्हिडिओ बघितले त्यात प्रत्येक टेबलाला एक इंटरफेस, एक रिपॉझिटरी (त्या टेबलाचं वाचणं-लिहिणं करणारा क्लास), वर सगळ्यांना सामाईक जनरिक रिपॉझिटरी, त्याच्यावर युनिट ऑफ वर्क (सगळे बदल एकत्र सेव्ह करणारा थर). माझी टेबलं पन्नासेक आहेत. म्हणजे शंभरच्या वर फाइली नुसत्या ह्यातच. हे असंच करायचं असतं का, का काही शहाणपणाची वाट आहे?

साधं_सरळ

कशाला एवढा घोळ घालताय राव. मी पीएचपीत करतो, एक कनेक्शनची फाइल, ती सगळीकडे इन्क्लूड, संपला विषय. माझी गिऱ्हाईकं वर्षानुवर्षं खूश आहेत. डीआय, कंटेनर, हे सगळं मोठ्या कंपन्यांतल्या लोकांना महिनाभर काम दिसावं म्हणून काढलेलं आहे. अडत्याला पट्टी निघाल्याशी मतलब.

कृष्णाकाठ

साधं_सरळ यांच्याशी निम्मा सहमत, निम्म्याकडे नंतर येतो. आधी हळकुंड यांचा टाइमआउट, कारण त्याचा डीआयशी संबंध आहे आणि तो लोकांच्या लक्षात येत नाही.

जुन्या कोडमध्ये बघा, माझी पैज आहे, कनेक्शन उघडलंय फंक्शनच्या सुरुवातीला आणि बंद केलंय शेवटच्या ओळीत. मधे एरर आला की शेवटची ओळ येतच नाही. ते कनेक्शन पूलमध्ये परत जात नाही, गार्बेज कलेक्टर कधी येईल तेव्हा येईल. एसक्यूएल सर्व्हरच्या डॉटनेट ड्रायव्हरमध्ये एका पूलची कमाल मर्यादा मुळात १०० असते आणि पूलमधून कनेक्शन मिळायची वाट तो १५ सेकंद बघतो, मग हात वर करतो. कुणाच्या नावात ॲपॉस्ट्रॉफी आली, कुणाचं वजन रिकामं राहिलं, असे बारीक एरर दिवसभर होत राहतात, एकेक कनेक्शन गळत राहतं आणि दुपारी गर्दीच्या वेळी शंभर पुरत नाहीत. रिस्टार्टने बरं वाटतं ते एवढ्यासाठीच, पूल रिकामा होऊन नव्याने भरतो. काही जण यावर कमाल मर्यादा ५०० करून मोकळे होतात, त्याने फक्त दुखणं चार वाजेपर्यंत लांबतं.

आता डीआय इथे काय करतं? वस्तू बनवायचं आणि विल्हेवाट लावायचं काम तुमच्या हातातून काढून घेतं. कंट्रोलर (रिक्वेस्ट हाताळणारा क्लास) म्हणतो मला डीबीकॉन्टेक्स्ट (ईएफची डेटाबेसशी बोलणारी वस्तू) पाहिजे, कन्स्ट्रक्टरमध्ये तसं लिहितो, बास. रिक्वेस्ट आली की कंटेनर (डीआयमधला वस्तू बनवून देणारा भाग) एक स्कोप (त्या रिक्वेस्टपुरती चौकट) उघडतो, त्यात एक कॉन्टेक्स्ट बनतो, रिक्वेस्ट संपली की, मग ती नीट संपो की एरर येऊन संपो, तो स्वतः डिस्पोज करतो. म्हणजे बंद करायची ओळ विसरायला तुमच्याकडे ती ओळच नसते. मला विचाराल तर डेटाबेसच्या बाबतीत डीआयचा पहिला फायदा हा आहे. उद्या ओरॅकलवर जायचं झालं तर वगैरे जे सांगतात ना, अडतीच्या दुकानात तो दिवस येत नाही.

एक बारकावा, कंटेनर स्वतः बनवलेल्या वस्तूच डिस्पोज करतो. तुम्ही बाहेर बनवून त्याला रजिस्टर करायला दिलेली वस्तू तुमची तुम्ही बघायची.

आणि ८ वर कशाला, त्याचा सपोर्ट नोव्हेंबर २०२६ ला संपतोय. नवीनच लिहिताय तर १० घ्या.

हळकुंड

पैज जिंकलात, शेवटच्या ओळीतच क्लोज आहे. जवळपास सगळीकडे.

पण मग एक विचारू का, कनेक्शनच कमी पडतायत तर अख्ख्या ॲपला मिळून एकच कॉन्टेक्स्ट सिंगलटन (ॲप चालू असेपर्यंत तीच एक वस्तू) करून ठेवला तर? कनेक्शन एकच लागेल.

कृष्णाकाठ

नको नको नको. एका काट्यावर दोघांची पोती एकदम टाकली तर वजन कुणाचं लिहिणार? कॉन्टेक्स्ट एका वेळी एकाच थ्रेडने वापरायची वस्तू आहे. दोन काउंटरवरून एकदम क्वेरी गेली की "आधीचं काम संपायच्या आत याच कॉन्टेक्स्टवर दुसरं सुरू झालं" असा एरर देतो, आणि एरर दिला तर नशीब समजा. कारण कॉन्टेक्स्ट वाचलेली प्रत्येक ओळ लक्षात ठेवतो. सिंगलटन ठेवला तर सकाळपासूनच्या सगळ्या पट्ट्या त्याच्या पोटात, मेमरी फुगत जाणार. वर एका काउंटरने अर्धवट भरलेली नोंद दुसऱ्या काउंटरच्या सेव्हबरोबर डेटाबेसात जाऊन बसणार. आणि व्यवस्थापकाने दुसरीकडून भाव दुरुस्त केला तरी ह्याच्याकडे जुनाच दिसत राहणार.

कनेक्शन वाचवायची काळजी करू नका, त्यासाठी पूल आहे. ईएफ क्वेरीपुरतं कनेक्शन घेतो आणि परत देतो, पूर्ण रिक्वेस्टभर धरून बसत नाही, तुम्ही ट्रान्झॅक्शन (सगळं किंवा काहीच नाही असं एकत्र काम) उघडलं तरच धरतो.

ॲडडीबीकॉन्टेक्स्ट लिहिलं की तो आपोआप स्कोप्डच (प्रत्येक रिक्वेस्टला एक) रजिस्टर होतो, तिथे हात लावायचा नाही. खरी चूक वेगळीकडून घुसते. समजा तुम्ही भावांचं कॅशिंग करणारी एक सर्व्हिस केली, ती साहजिकच सिंगलटन, आणि तिच्या कन्स्ट्रक्टरमध्ये कॉन्टेक्स्ट मागितला. आता सिंगलटन कधी मरत नाही, त्याने धरलेला कॉन्टेक्स्टही मरत नाही. नावाला स्कोप्ड, वागायला सिंगलटन. डेव्हलपमेंट मोडमध्ये असं केलं की ॲप सुरू होतानाच एरर देतो, प्रॉडक्शनमध्ये ती तपासणी मुळात बंद असते. म्हणून कुणी थेट सर्व्हरवर टाकून बघतो म्हणालं की मी हात जोडतो. ती व्हॅलिडेट स्कोप्सची सेटिंग प्रॉडक्शनलाही चालू ठेवली तरी अडतीच्या ॲपला त्याचा काही भार होत नाही.

बेदाणा_तासगाव

जावावाला आहे, तरी मधे तोंड घालतो. हा सिंगलटनचा घोळ आमच्याकडून तुमच्याकडे येतो बऱ्याचदा. स्प्रिंगमध्ये (जावाचं फ्रेमवर्क) काही न सांगता बनवलेली प्रत्येक बीन (कंटेनरने सांभाळलेली वस्तू) सिंगलटनच असते, रिपॉझिटरीसुद्धा, आणि ते बिनघोर चालतं. कारण आत जो एंटिटी मॅनेजर (तुमच्या कॉन्टेक्स्टसारखा) इंजेक्ट होतो तो खरा नसतोच, प्रॉक्सी असते, ती चालू ट्रान्झॅक्शनला बांधलेल्या खऱ्या मॅनेजरकडे काम ढकलते. डॉटनेटच्या कंटेनरमध्ये अशी मधली प्रॉक्सी नाही, जे मागितलं तेच हातात. त्यामुळे स्प्रिंग शिकून आलेला माणूस डॉटनेटमध्ये सवयीने सगळं सिंगलटन करतो आणि फसतो. आमच्या ऑफिसात पुण्याहून आलेल्या एका सिनियरनेच केलं होतं, नाव सांगत नाही, तो इथे वाचत असेल.

आमच्या प्रॉक्सीचे आमचे वेगळे ताप आहेत. ट्रान्झॅक्शनलचं ॲनोटेशन लावलेली मेथड त्याच क्लासमधल्या दुसऱ्या मेथडने बोलावली तर प्रॉक्सी मधे येतच नाही आणि ट्रान्झॅक्शन सुरूच होत नाही. गपचूप. एररसुद्धा नाही. आणि स्प्रिंग बूटबरोबर येणाऱ्या हिकारी पूलची कमाल मर्यादा मुळात फक्त १० असते, तुमच्या शंभरच्या मानाने आम्ही गरीब.

मिरजेची_तार

आता मूळ प्रश्नाकडे येऊ का? टेबलागणिक रिपॉझिटरी.

हळकुंडदादा, मी गुळाच्या एका पेढीचं काम बघते त्यामुळे तुमचा माल ओळखीचा आहे. तुमच्या पट्टीत काय काय होतं ते मांडते. शेतकऱ्याची पट्टी म्हणजे डोक्यावर एक ओळ, खाली लॉटच्या ओळी, पोती, वजन, भाव. मग हमाली, तोलाई वजा. मग महत्त्वाचं, आधी दिलेली उचल वजा. ती वजा झाली की शेतकऱ्याच्या खात्यात तेवढी जमा दिसली पाहिजे. शिवाय व्यापाऱ्याच्या नावे बिल. म्हणजे एका बटणावर पाच-सहा टेबलं हलतात.

आता व्हिडिओतली जनरिक रिपॉझिटरी आणा. तिच्यात ॲड नावाची मेथड असते आणि शंभरात नव्वद व्हिडिओंत त्या ॲडच्या आतच सेव्हचेंजेस लिहिलेलं असतं. म्हणजे पट्टी रिपॉझिटरीने पट्टी टाकली, सेव्ह. लॉट रिपॉझिटरीने लॉट टाकले, सेव्ह. आता उचल रिपॉझिटरीकडे गेलो आणि तिथे एरर, समजा खातं लॉक आहे. पट्टी डेटाबेसात गेलेली आहे, निव्वळ देय चाळीस हजारातून दहा हजार उचल वजा करून तीस हजार दिसतंय, आणि उचलीच्या खात्यात दहा हजार अजून येणेच दिसतायत. पुढच्या आवकेला तेच दहा हजार दुसऱ्यांदा कापले जाणार. शेतकरी छापलेली पट्टी घेऊन दुकानात येतो तेव्हा दिवाणजी कंप्युटरवर विश्वास ठेवतात, माणसावर नाही. ह्याच्यावरून झालेली भांडणं मी डोळ्यांनी बघितलीत.

सेव्हचेंजेस एकदाच बोलावलं तर ईएफ ते सगळं आपोआप एका ट्रान्झॅक्शनमध्ये घालतो, सगळं गेलं तर गेलं नाहीतर काहीच नाही. रिक्वेस्टमधल्या सगळ्यांना तोच एक स्कोप्ड कॉन्टेक्स्ट मिळतो म्हणून हे शक्य होतं. कॉन्टेक्स्ट स्वतःच युनिट ऑफ वर्क आहे, त्यातला डीबीसेट म्हणजेच रिपॉझिटरी आहे. त्याच्यावर परत त्याच नावाचे दोन थर चढवून तुम्ही नेमकी तीच सोय मोडता.

म्हणून टेबलाप्रमाणे कापू नका, कामाप्रमाणे कापा. पट्टी करणे हे एक काम. उचल देणे दुसरं. व्यापाऱ्याची वसुली तिसरं. दिवसाचा उतारा चौथं. प्रत्येक कामाला एक क्लास, त्याला कॉन्टेक्स्ट कन्स्ट्रक्टरमधून, आत सगळं जुळवायचं, शेवटी एकदा सेव्ह. दिसायला साधारण असं :

सर्व्हिसेस.ॲडस्कोप्ड<पट्टीलेखन>();
सर्व्हिसेस.ॲडस्कोप्ड<उचलखाते>();
सर्व्हिसेस.ॲडस्कोप्ड<व्यापारीबिल>();

पट्टीलेखन मुख्य, तो बाकी दोघांना मागतो. पण सेव्ह फक्त पट्टीलेखन करतो, उचलखाते आणि व्यापारीबिल नुसते बदल मांडून ठेवतात. हा नियम टीममध्ये एकदा ठरला की अर्धे वाद मिटतात. पन्नास टेबलांत अशी कामं मोजून बघा, पंधराच्या वर जात नाहीत.

(क्लासची नावं सी शार्पला देवनागरीतसुद्धा खरोखर चालतात. टीमला चालतीलच असं नाही.)

साधं_सरळ

बघा, ताईंनी इंटरफेस एकपण नाही लिहिला. मी तेच म्हणत होतो.

मिरजेची_तार

तुम्ही डीआयच नको म्हणत होतात, मी इंटरफेसबद्दल बोलतेय. दोन्ही एक नाही. कंटेनरला सरळ क्लास दिला तरी तो तितक्याच आनंदाने बनवून देतो. ज्या इंटरफेसला जन्मभर एकच अंमलबजावणी असणार तो लिहून काय मिळतं, तर गोटू डेफिनिशन दाबल्यावर रिकाम्या फाइलीत जाऊन पडायचं सुख.

इंटरफेस तिथे लिहा जिथे पलीकडे बाहेरचं जग आहे. एसएमएस, व्हॉट्सॲप, वजनकाट्याचं मशीन, घड्याळ. हो, घड्याळसुद्धा, कारण ३१ मार्चच्या रात्रीची पट्टी कुठल्या वर्षात पडते हे तपासायला ३१ मार्चची वाट बघायची का?

साधं_सरळ

बरं. पण ती इन्क्लूड फाइल पण एका रिक्वेस्टला एकच कनेक्शन देते आणि पीएचपी रिक्वेस्ट संपली की सगळं मोडून टाकतं. म्हणजे तुमचा स्कोप आमच्याकडे फुकटात आहे.

कृष्णाकाठ

ह्या मुद्द्याला मात्र पूर्ण मार्क. हेच ते निम्मं ज्याच्याशी मी सहमत होतो. पीएचपीत प्रत्येक रिक्वेस्ट कोऱ्या पाटीवर सुरू होते म्हणून तुम्हाला आयुष्यमानाचा प्रश्न पडलाच नाही. डॉटनेट आणि जावात प्रोसेस दिवसेंदिवस जिवंत असते, म्हणून कोण किती वेळ जगणार हे कुठेतरी लिहून ठेवावं लागतं. ते लिहायची जागा म्हणजे कंटेनर. तुम्ही लॅरॅव्हल ऑक्टेन वापरायला लागलात की तुम्हालाही हेच दिसेल, तिथे ॲप रिक्वेस्टींमध्ये मेमरीत तसंच राहतं आणि सिंगलटनमधला जुना डेटा पुढच्या माणसाला दिसू शकतो.

कोल्हापुरी_पण_चालतं

हळदीचा आज काय निघाला?

बेदाणा_तासगाव

तो वेगळा धागा आहे बाबा.

हळकुंड

ताई, हे वाचून डोक्यात लख्ख झालं. कामाप्रमाणे कापणार.

आता आमच्याकडची खरी पंचाईत. प्रत्येक पेढीची डेटाबेस वेगळी, आणि त्यातही प्रत्येक आर्थिक वर्षाची वेगळी. एक एप्रिलला नवी डेटाबेस, जुन्यातून शिल्लक ओढायची. लॉगिनला माणूस पेढी आणि वर्ष निवडतो. हे बदलता येणार नाही, सीए आणि दिवाणजी दोघांनाही असंच पाहिजे. तर ॲडडीबीकॉन्टेक्स्टमध्ये कनेक्शन स्ट्रिंग एकच लिहितात सगळे, माझी रिक्वेस्टप्रमाणे बदलणार. जुन्या कोडमध्ये ती एका स्टॅटिक व्हेरिएबलमध्ये ठेवलीय.

कृष्णाकाठ

स्टॅटिक?! म्हणजे एकाने २०२३-२४ उघडलं की सगळ्यांचं २०२३-२४. रात्री झोप कशी लागते हो तुमच्या दिवाणजींना.

असं करा. चालूपेढी नावाचा एक छोटा क्लास, त्यात फक्त पेढी आणि वर्ष, रजिस्टर स्कोप्ड. लॉगिनच्या वेळी पेढी-वर्ष क्लेममध्ये (लॉगिनसोबत राहणारी माहिती) घाला. ऑथेंटिकेशननंतर एक मिडलवेअर (प्रत्येक रिक्वेस्टच्या वाटेत चालणारा कोड), तो क्लेम वाचून चालूपेढी भरतो. ॲडडीबीकॉन्टेक्स्टचा एक प्रकार आहे ज्यात सर्व्हिस प्रोव्हायडर हातात मिळतो, तिथे चालूपेढी मागा आणि तिच्यावरून कनेक्शन स्ट्रिंग ठरवा. पट्टीलेखनला ह्यातलं काहीच कळत नाही, त्याला योग्य वर्षाचा कॉन्टेक्स्ट आयता मिळतो. आणि चालूपेढी भरलेली नसेल तर तिथेच मोठ्याने एरर फेका, गुपचूप चालू वर्ष धरू नका.

यात तीन खड्डे आहेत, मोठा आधी सांगतो. रात्री चालणारी कामं, समजा दिवसाचा उतारा व्हॉट्सॲपवर पाठवणं. तिथे रिक्वेस्टच नाही, म्हणून मिडलवेअर नाही, म्हणून चालूपेढी रिकामी. आणि बॅकग्राउंड सर्व्हिस ही सिंगलटन असते, तिच्यात थेट कॉन्टेक्स्ट मागता येत नाही, वर सांगितलेलाच आजार. तिच्यात आयसर्व्हिसस्कोपफॅक्टरी मागायची, प्रत्येक पेढीसाठी नवा स्कोप उघडायचा, त्या स्कोपमधली चालूपेढी हाताने भरायची, मगच त्याच स्कोपमधून उतारा काढणारा क्लास मागायचा, काम झालं की स्कोप बंद. लूपच्या बाहेर एकच स्कोप उघडून सगळ्या पेढ्या त्यातच फिरवल्या तर पहिल्या पेढीचा कॉन्टेक्स्ट सगळ्यांना लागतो. एकाचा उतारा दुसऱ्याच्या फोनवर गेला तर यार्डात काय होतं ते मी सांगायला नको.

दुसरा, वेग पाहिजे म्हणून कुणीतरी ॲडडीबीकॉन्टेक्स्टपूल वापरा सांगेल. त्यात कॉन्टेक्स्ट धुऊनपुसून परत वापरले जातात आणि ऑप्शन्स एकदाच ठरतात, रिक्वेस्टप्रमाणे कनेक्शन बदलणाऱ्याने तिकडे जाऊ नये.

तिसरा, ड्रायव्हर कनेक्शन स्ट्रिंगप्रमाणे वेगळा पूल करतो, अगदी एक स्पेस कमीजास्त झाली तरी वेगळा. तुमच्या वीस पेढ्या आणि चार वर्षं उघडी असली तर ऐंशी पूल. स्ट्रिंग एकाच ठिकाणी बनवा, बिल्डर क्लासने.

बाकी वर्षाप्रमाणे डेटाबेस ही पद्धत हसण्यासारखी नाही. एसक्यूएल सर्व्हर एक्सप्रेसच्या २०२२ च्या आवृत्तीपर्यंत एका डेटाबेसला १० जीबीची मर्यादा आहे, फुकटातलं वापरणाऱ्या अडत्याला वर्ष तोडलेलं सोयीचंच पडतं.

वाळव्याचा_वायफाय

वाचतोय, भारी चाललंय. एक भर घालतो, पुरामुळे शिकलेली.

२०१९ च्या ऑगस्टात कृष्णेला पाणी आलं तेव्हा सांगलीत किती दुकानांचे तळमजल्यावरचे सर्व्हर गेले ते आठवत असेल. त्यानंतर बऱ्याच जणांनी क्लाउड धरलं. आमच्या एका क्लायंटने ॲप मुंबईच्या डेटासेंटरला नेलं पण डेटाबेस दुकानातच, वरच्या मजल्यावर ठेवली, माझा डेटा माझ्या घरात म्हणून. आणि जो रिपोर्ट आधी चटकन यायचा तो उघडेना. कोडमध्ये एका ओळीचा फरक नाही.

झालेलं असं, खातेउतारा काढणारी मेथड आधी शेतकऱ्यांची यादी आणायची आणि मग लूपमध्ये प्रत्येकाची शिल्लक रिपॉझिटरीकडे मागायची. चारशे शेतकरी, चारशे एक क्वेऱ्या. दोन्ही एकाच मशीनवर होते तेव्हा एक फेरी अर्ध्या मिलिसेकंदाची, कुणाला पत्ता नाही. मधे इंटरनेट आल्यावर एक फेरी तीस मिलिसेकंद धरा, बारा सेकंद नुसत्या येरझाऱ्या. म्हणून मिरजेची_तार म्हणतात ते आणखी एका कारणाने पटतं, टेबलागणिक रिपॉझिटरी केली की जॉइन कुठे लिहायचा हा प्रश्न पडतो आणि माणूस लूप लिहितो.

आमची वाटणी सरळ आहे. लिहिण्याची कामं ईएफने, ताईंनी सांगितली तशी. वाचण्याचे रिपोर्ट वेगळ्या क्लासमध्ये, तिथे एकच जॉइनची क्वेरी आणि पाहिजे तेवढेच कॉलम, ईएफ असेल तर ॲझनोट्रॅकिंग (वाचलेलं लक्षात ठेवू नको) लावून, नाहीतर सरळ डॅपर (एसक्यूएल थेट चालवणारी छोटी लायब्ररी). डॅपरला वेगळं कनेक्शन उघडू नका, कॉन्टेक्स्टचंच कनेक्शन मागून घ्या. फक्त ट्रान्झॅक्शन चालू असताना डॅपरची क्वेरी मारली तर ते ट्रान्झॅक्शन तिला हाताने द्यावं लागतं, नाहीतर एरर देतो.

आणि क्लाउडवर जाताना कनेक्शन तुटलं तर परत प्रयत्न करणारी रिट्रायची सेटिंग लावली असेल तर हाताने सुरू केलेल्या ट्रान्झॅक्शनला ईएफ नकार देतो. तेवढा भाग एक्झिक्युशन स्ट्रॅटेजीत गुंडाळायचा, म्हणजे परत करायची वेळ आली तर अख्खं काम पहिल्यापासून परत होतं.

बेदाणा_तासगाव

+१. आमच्या हायबरनेटमध्येपण (जावाकडचं ईएफ) हाच रोग, फक्त तो लेझी लोडिंगच्या (लागेल तेव्हा एकेक आणणं) नावाखाली होतो.

हळकुंड

टेस्टचं कुणीच बोललं नाही. रिपॉझिटरीला इंटरफेस पाहिजे कारण टेस्टमध्ये खोटी रिपॉझिटरी देता येते असं सगळीकडे लिहिलेलं असतं.

मिरजेची_तार

येते की. आणि मग ती टेस्ट काय तपासते? तुम्ही लिहिलेली खोटी रिपॉझिटरी. उचलीचा तो घोळ खोट्या रिपॉझिटरीने कधीच सापडला नसता, कारण तिला ट्रान्झॅक्शन म्हणजे काय हेच माहीत नाही.

ईएफचा इनमेमरी प्रोव्हायडरपण टेस्टला घेऊ नका, मायक्रोसॉफ्टच नको म्हणते. त्यात ट्रान्झॅक्शन नाही, फॉरेन की तपासत नाही, कच्चं एसक्यूएल चालत नाही. एसक्यूलाइट मेमरीत चालवणं बरं, पण आपलं सगळं पैशात आणि वजनात, म्हणजे डेसिमल. एसक्यूलाइटला डेसिमल असा प्रकारच नाही, ईएफ तो टेक्स्ट म्हणून ठेवतो, म्हणून लहानमोठं तुलना किंवा क्रमवारी खऱ्या सर्व्हरसारखी होईलच याची खात्री नाही. मी शेवटी खऱ्या एसक्यूएल सर्व्हरवरच टेस्ट चालवते, डॉकरमध्ये. प्रत्येक टेस्ट ट्रान्झॅक्शनमध्ये सुरू करायची, शेवटी रोलबॅक. थोडं हळू होतं, होऊ दे.

निव्वळ हिशोब मात्र डेटाबेसपासून तोडा. वजन, भाव, हमाली, तोलाई, उचल दिले की निव्वळ देय किती, ही साधी फंक्शनं. त्यांना कॉन्टेक्स्ट नको, डीआय नको, काही नको, आकडे द्या आणि आकडा घ्या. पैशाच्या खालची राउंडिंग, वजा शिल्लक, उचल पट्टीपेक्षा जास्त असेल तर किती कापायची, ह्या सगळ्या भानगडी तिथेच असतात आणि त्यांच्या टेस्ट डोळ्याचं पातं लवायच्या आत होतात.

हळकुंड

सगळ्यांचे आभार मानतो, इतकं कुणी क्लासमध्येपण सांगितलं नसतं. कागदावर काढलं तर चौदा कामं निघाली, पन्नास टेबलांची. चालूपेढी आणि मिडलवेअर आज करून बघितलं, दोन ब्राउझरमध्ये दोन वर्षं उघडून, बरोबर वेगवेगळी दिसली.

शेवटचं एक. पट्टी नंबर. सीए म्हणतात सलग पाहिजे, मधे गाळलेला चालणार नाही. सध्या सगळ्यात मोठा नंबर काढून त्यात एक मिळवतो आणि दुपारी दोन काउंटरना तोच नंबर मिळतो. आयडेंटिटी कॉलम (डेटाबेस आपोआप नंबर देतो तो) करू का?

कृष्णाकाठ

आयडेंटिटी सलग राहीलच याची खात्री नाही. पट्टी रोलबॅक झाली तरी नंबर खर्च होतो, आणि लाइट जाऊन सर्व्हर अचानक बंद पडला तर इंट कॉलमचा नंबर हजाराने पुढे उडी मारू शकतो, कारण तो तेवढे नंबर आधीच काढून ठेवतो. आतल्या प्रायमरी कीला आयडेंटिटी असू दे, छापायच्या नंबराला नको.

नंबरांचं वेगळं टेबल करा, पट्टी, बिल, पावती अशी प्रत्येकाला एक ओळ, त्यात शेवटचा नंबर. पट्टीलेखनने ट्रान्झॅक्शन उघडायचं, अपडेट मारून त्या ओळीत एक मिळवायचा आणि त्याच स्टेटमेंटच्या आउटपुट क्लॉजने नवा नंबर घ्यायचा, मग पट्टी, लॉट, उचल, बिल, सेव्ह, कमिट. कॉन्टेक्स्ट एकच असल्याने नंबर आणि पट्टी एकत्रच जातात किंवा एकत्रच परत येतात, मधला नंबर गळत नाही. पट्टीच्या नंबरावर युनिक इंडेक्सही टाका, म्हणजे पुढे कुणी मधून वाट काढली तर डेटाबेसच अडवेल.

एवढंच की ती ओळ कमिट होईपर्यंत लॉक राहते आणि दुसरं काउंटर तेवढा वेळ थांबतं. म्हणून प्रिंट काढणं, व्हॉट्सॲप पाठवणं, काट्याशी बोलणं हे त्या ट्रान्झॅक्शनच्या आत अजिबात नको, कमिट झाल्यावर करा.

मिरजेची_तार

आणि पट्टी रद्द केली तर डिलीट मारू नका. ओळ तशीच ठेवा, रद्दचा फ्लॅग, कुणी केली आणि का ते सोबत, आणि उचल परत त्याच ट्रान्झॅक्शनमध्ये उलटी फिरवा. सीएंना तो नंबर रद्द म्हणून दिसला की ते काही बोलत नाहीत.